राखण कशाची, कोणी आणि कशी?

वाचन : उत्पत्ती २:१५, ९:८-१७, अनुवाद २२:६-७, १ राजे २१:१-४, ईयोब ३९:९-१२



मंडळीत आपण सृष्टीविषयी बोलतो ते बहुधा कापणीच्या सणाला किंवा उपकारस्तुतीच्या प्रार्थनेत. देवाने निर्माण केलेल्या सौंदर्याबद्दल आपण त्याचे आभार मानतो आणि घरी जातो. पण त्या सौंदर्याची राखण करण्याचे काम त्याने कोणाकडे सोपवले आहे, आणि ते प्रत्यक्षात कसे करावयाचे, याचा विचार क्वचितच होतो. या पाठात आपण तोच विचार करणार आहोत. उदाहरणे मुद्दाम एका ठिकाणच्या आसपासची घेतली आहेत. ते ठिकाण म्हणजे छत्तीसगडमधील रायपूरचा ब्राह्मणपारा.

ब्राह्मणपारा हा जुन्या रायपुरातला मोहल्ला. नागपूरकर भोसल्यांच्या अमलापासून छत्तीसगडात मराठी कुटुंबे येत राहिली. त्यांतील पुष्कळांची घरे ब्राह्मणपारा, तात्यापारा या भागांत झाली. हा प्रदेश मराठी ख्रिस्ती मनाला परका नाही. फुलामुलांचे कवी रेव्हरंड नारायण वामन टिळक यांना एका सहप्रवाशाने नवा करार दिला तो नागपूरहून राजनांदगावला जाणाऱ्या आगगाडीत, आणि राजनांदगाव रायपूरपासून फार दूर नाही. ब्राह्मणपाऱ्याजवळ कंकाली तलाव आहे, थोड्या अंतरावर बुढा तलाव आहे, आणि शहराबाहेर शंभर-दीडशे किलोमीटरांच्या टप्प्यात बारनवापारा व उदंती-सीतानदी ही अरण्ये आहेत. एका मोहल्ल्याच्या उंबरठ्यावरून संवर्धनाचे जवळजवळ सर्व मार्ग येथे दृष्टीस पडतात.

१. सोपवलेले काम

उत्पत्ती २:१५ मध्ये मनुष्याला बागेत ठेवण्याचे कारण दोन क्रियापदांत सांगितले आहे. एकाचा अर्थ मशागत करणे. त्याच मूळ इब्री शब्दाचा दुसरा अर्थ सेवा करणे असाही होतो. दुसऱ्या क्रियापदाचा अर्थ राखणे. अहरोनाने लोकांना द्यावयाच्या आशीर्वादात (गणना ६:२४) देव तुझे रक्षण करो असे जे म्हटले आहे, तेथेही हेच क्रियापद आहे. देव आपल्याला ज्या काळजीने राखतो, त्याच काळजीने आपण बाग राखावी, इतका हा शब्द जवळचा आहे.

जलप्रलयानंतरचा करारही असाच लक्षपूर्वक वाचावा. तो करार केवळ नोहाशी आणि त्याच्या संततीशी नाही. पक्षी, गुरे, वनपशू, तारवातून बाहेर पडलेला प्रत्येक जिवंत प्राणी त्यात पक्षकार आहे. ज्याच्याशी देवाने करार केला, त्याला नाहीसे करण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिला, हा प्रश्न त्यातून उभा राहतो.

२. जो गेला तो

हा प्रश्न छत्तीसगडने अनुभवलेला आहे. आजच्या छत्तीसगडच्या उत्तरेस कोरिया नावाचे संस्थान होते. १९४७ च्या सुमारास तेथे तीन चित्ते बंदुकीला बळी पडले. भारतातील चित्त्यांची ती शेवटची निश्चित नोंद मानली जाते. १९५२ मध्ये चित्ता भारतातून नामशेष झाल्याचे जाहीर झाले. त्यानंतर सत्तर वर्षांनी, १७ सप्टेंबर २०२२ रोजी, नामिबियाहून आठ चित्ते विमानाने आणून मध्य प्रदेशातील कुनो येथे ठेवले गेले, आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये दक्षिण आफ्रिकेहून आणखी बारा आले. त्यांतील काही मेले, काहींना पिल्ले झाली. काम अजून चालू आहे. पण लक्षात घ्या : आणलेले चित्ते आफ्रिकेतले आहेत. या भूमीत पिढ्यान्‌पिढ्या धावलेला वंश परत आलेला नाही आणि येणारही नाही. काही क्षणांत जे गेले, ते दोन पिढ्यांचे परिश्रम आणि दोन खंडांचा प्रवास यांनीही पूर्ववत झाले नाही.

याच कोरिया भागातील जंगल मिळून २०२४ मध्ये गुरू घासीदास-तमोर पिंगला हा व्याघ्र प्रकल्प झाला. त्याचे क्षेत्र सुमारे २,८२९ चौरस किलोमीटर आहे. ही उशिरा सुचलेली, परंतु स्वागतार्ह राखण होय.

३. पहिला मार्ग : कायदा आणि सीमा

संवर्धनाचा सर्वांत परिचित मार्ग म्हणजे जमिनीचा एक भाग निराळा काढून त्याला कायद्याचे संरक्षण देणे. १९७२ चा वन्यजीव संरक्षण कायदा आणि १९७३ चा व्याघ्र प्रकल्प यांनी या मार्गाला बळ दिले. सीतानदी अभयारण्य १९७४ मध्ये, बारनवापारा १९७६ मध्ये आणि उदंती १९८३ मध्ये झाले. पुढे उदंती व सीतानदी मिळून सुमारे १,८४२ चौरस किलोमीटरांचा व्याघ्र प्रकल्प झाला. व्याघ्र प्रकल्पात गाभ्याचे क्षेत्र आणि त्याभोवतीचे झालर क्षेत्र असे दोन भाग असतात. गाभ्यात माणसाचा वावर कमीत कमी ठेवावयाचा आणि झालर क्षेत्रात माणूस व वन्यजीव यांनी एकमेकांना सांभाळून राहावयाचे, अशी ती कल्पना आहे.

या मार्गाने पुष्कळ काही वाचले, हे मान्य केलेच पाहिजे. तो नसता तर मध्य भारतातील वाघ आज केवळ चित्रात उरला असता. परंतु या मार्गाची एक किंमत आहे, आणि ती बहुधा त्या जंगलात राहणारा गोंड, कमार किंवा भुंजिया शेतकरी देतो. त्याचे गाव गाभ्यात आले की त्याला हलण्यास सांगितले जाते.

येथे नाबोथाचा द्राक्षमळा आठवावा. अहाबाची मागणी वरवर पाहता अन्यायाची नव्हती. त्याला बाग करावयाची होती. मोबदल्यात त्याने अधिक चांगला मळा किंवा योग्य रक्कम देऊ केली होती. तरीही नाबोथ नाही म्हणाला, कारण ती त्याच्या वाडवडिलांची वतनभूमी होती, आणि तिचे मोल पैशात होत नव्हते. त्याचे 'नाही' ऐकून न घेणे हे अहाबाचे पाप ठरले. आपल्या देशाचा २००६ चा वन हक्क कायदा, तसेच त्याच वर्षी वन्यजीव कायद्यात झालेली दुरुस्ती, हेच निराळ्या भाषेत सांगतात : पुनर्वसन स्वेच्छेने व्हावे, आणि ग्रामसभेची माहितीपूर्वक संमती असल्याखेरीज होऊ नये. बाग कितीही सुंदर असो, ती नाबोथाला दडपून उभी राहता कामा नये.

४. दुसरा मार्ग : एका जातीला वाचविण्याची धडपड

आता उदंतीकडे वळू. छत्तीसगडचा राज्यप्राणी रानम्हैस आहे. आपल्या गोठ्यातील म्हशीची ती पूर्वज. वजनाने हजार किलोच्या आसपास, आणि शिंगांचा पसारा असा की गाय-म्हैस वर्गात तिची बरोबरी कोणी करू शकत नाही. जगातील बहुतेक रानम्हशी आज आसामातील काझीरंगा व मानस या भागांत आहेत. मध्य भारतात त्या उदंती, बस्तरचे इंद्रावती आणि त्याला लागून असलेले महाराष्ट्राच्या गडचिरोली जिल्ह्यातील कोलामार्का एवढ्याच ठिकाणी तग धरून राहिल्या. कोलामार्काला २०१३ मध्ये संवर्धन राखीव क्षेत्राचा आणि पुढे अभयारण्याचा दर्जा मिळाला.

रानम्हशीवर संकटे अनेक आली. शिकार झाली, गवताळ कुरणे शेतीखाली गेली, पाळीव गुरांचे रोग रानात पोहोचले. पण सर्वांत सूक्ष्म संकट निराळे आहे. गावच्या म्हशी रानात चरतात, रानरेडा त्यांच्यात मिसळतो, आणि पिढी दर पिढी रानाचा वंश गोठ्याच्या वंशात विरत जातो. प्राणी मरत नाही, पण तो जो होता तो राहत नाही.

२००७ च्या सुमारास उदंतीत सातच रानम्हशी उरल्याचे दिसून आले, आणि त्यांत मादी एकच होती. तिचे नाव 'आशा' ठेवले गेले. तिला मोठ्या कुंपणात सुरक्षित ठेवून प्रजननाचा प्रयत्न सुरू झाला. पण तिच्या पोटी आलेली रेडके बहुतेक नरच निघाली. डिसेंबर २०१४ मध्ये कर्नालच्या राष्ट्रीय दुग्ध संशोधन संस्थेत आशाच्या पेशीपासून 'दीपआशा' नावाची कृत्रिम प्रतिकृती जन्माला आली, आणि २०१८ मध्ये तिला नवा रायपूरच्या जंगल सफारीत आणले गेले. पण ती मोठी होताना मुऱ्हा म्हशीसारखी दिसू लागली, आणि ती खरोखर रानम्हैस आहे काय अशी शंका उघडपणे घेतली गेली. पुढे २०२० मध्ये मानसहून एक नर व एक मादी, आणि २०२३ मध्ये आणखी चार माद्या दीड हजाराहून अधिक किलोमीटरांचा प्रवास करवून बारनवापाऱ्यात आणल्या गेल्या. यावरही वाद झाला. आसामचा वंश मध्य भारताच्या वंशात मिसळावा काय? मुक्त रानातील जनावर कुंपणात आणून ठेवणे यास संवर्धन म्हणावे काय? हा वाद उच्च न्यायालयापर्यंत गेला.

या खटाटोपाची थट्टा करणे सोपे आहे. तसे करू नये. बुडत्याला वाचविणाऱ्याची पद्धत अवघडलेली असते. मात्र यातून दोन धडे निघतात.

पहिला धडा अनुवाद २२:६-७ मध्ये आहे. वाटेत पक्ष्याचे घरटे सापडले तर पिल्ले घेण्यास मुभा आहे, पण आईला सोडून द्यावे, अशी ती आज्ञा आहे. या छोट्याशा नियमाला जोडलेले अभिवचन पाहा : तुझे बरे व्हावे आणि तू दीर्घायू व्हावेस. आईबापांच्या सन्मानाच्या आज्ञेला असेच अभिवचन जोडलेले आहे. निसर्गापासून घ्यावे, पण देणारी जननी राहू द्यावी. एकच मादी उरेपर्यंत आपण थांबलो, तेव्हा या आज्ञेचा अर्थ आपल्याला आकड्यांत समजला.

दुसरा धडा ईयोबाच्या ग्रंथातला. देव वादळातून ईयोबाला विचारतो : रानबैल तुझी चाकरी करील काय? तो रात्री तुझ्या गव्हाणीपाशी राहील काय? तू त्याला दोरी लावून नांगराला जुंपशील काय? या प्रश्नांचे उत्तर 'नाही' असे आहे, आणि त्या 'नाही'मध्येच देवाचा गौरव आहे. मनुष्याच्या उपयोगासाठी नसलेलाही प्राणी देवाला प्रिय आहे. त्याचे रानटीपण हा दोष नव्हे, ती देवाने दिलेली ओळख आहे. म्हणून रानम्हशीचे शरीर वाचले आणि रान गेले, तर निम्मेच वाचले. कुंपण हे दवाखान्यासारखे आहे. रोग्याने बरे होऊन घरी जावे यासाठी ते असते. घरच मोडून टाकले तर दवाखान्याचा काय उपयोग?

बारनवापाऱ्यातच काळविटांचा प्रयोग २०१८ पासून झाला. अनेक दशकांपूर्वी तेथून नाहीसे झालेले काळवीट दिल्लीच्या प्राणिसंग्रहालयातून व बिलासपूरच्या काननपेंडारीतून आणले गेले. आरंभी पुष्कळ मेले. मग जमिनीचा निचरा, गवत, निवारा यांकडे लक्ष दिले गेले, तेव्हा कळप वाढू लागला आणि काहींना मोकळ्या रानात सोडता आले. प्राणी आणणे हे काम थोडे, त्याच्यासाठी जागा सिद्ध करणे हे काम मोठे.

५. तिसरा मार्ग : गावाच्या हाती राखण

तिसरा मार्ग जुनाही आहे आणि नवाही. महाराष्ट्रातील देवराया गावकऱ्यांनी शतकानुशतके राखल्या. त्यांच्या श्रद्धेशी आपली श्रद्धा जुळत नसेल, पण गावाने एकत्र येऊन ठरवले की रान टिकते, हा त्यांनी दिलेला पुरावा नाकारता येत नाही. गडचिरोली जिल्ह्यातील मेंढा (लेखा) या गोंड गावाला २००९ मध्ये सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक वन हक्क मिळाला. गावाने सर्वांच्या संमतीने निर्णय घेण्याची रीत पाडली, बांबू कधी व किती तोडावा हे स्वतः ठरवले, आणि त्याच्या विक्रीतून गावाचे उत्पन्न उभे केले. रायपूरच्या उत्तरेस बेमेतरा जिल्ह्यात गिधवा-परसदा येथील गावतलावांवर हिवाळ्यात दूरदेशीचे पक्षी उतरतात. गावकऱ्यांनी त्यांना सांभाळले, आणि २०२१ मध्ये तेथे पक्षी महोत्सव भरला.

या मार्गाचे सामर्थ्य असे की राखणदार जागेवरच असतो. त्याची मर्यादा अशी की गावाला रानातून पोट भरता आले पाहिजे, आणि रानातील प्राण्यापासून जीव वाचवता आला पाहिजे. छत्तीसगडात हत्तींच्या पायी माणसे मरतात, भाताची उभी पिके जातात. ज्याच्या अंगणात हत्ती येतो त्याला सृष्टिप्रेमाचे प्रवचन देणे हे शहरातल्या माणसाला शोभत नाही. उदंती-सीतानदीत हत्तींच्या वावराची सूचना गावकऱ्यांना मोबाईलवर देण्याची व्यवस्था सुरू झाली, ती या दृष्टीने मोलाची आहे. वेळेवर मिळालेली सूचना माणसाचाही जीव वाचवते आणि हत्तीचाही.

६. चौथा मार्ग : दारातला वारसा

आता पुन्हा ब्राह्मणपाऱ्यात येऊ. छत्तीसगडात मोठ्या जुन्या गावाचे वैभव सांगताना तेथे सहा विसा आणि वर सहा, म्हणजे १२६ तलाव होते, असे म्हणण्याची लोकरीत आहे. तलाव पावसाचे पाणी अडवी, विहिरींना पाझर देई, आणि अंघोळ, धुणे, गुरांचे पाणी या साऱ्या 'निस्तारी'ची सोय करी. रायपूर हे असेच तलावांचे शहर होते. आज राजबंधा तलावाच्या जागी राजबंधा मैदान आहे, आणि लेंडी तलावाच्या जागी शास्त्री बाजार. नाव उरले, पाणी गेले. घराला घर आणि शेताला शेत जोडीत जाऊन कोणाला जागाच उरू न देणाऱ्यांना यशया संदेष्ट्याने (५:८) जो इशारा दिला, तो शहरांच्या बाबतीत अक्षरशः खरा ठरतो.

कंकाली तलाव मात्र टिकला. त्याच्या मध्यावर पाण्याखाली एक लहान देऊळ आहे. सफाईसाठी तलाव रिकामा केला की ते दिसते. बुढा तलावही टिकला. बालपणी रायपुरात राहिलेल्या स्वामी विवेकानंदांच्या नावाने तो आता विवेकानंद सरोवर म्हणून ओळखला जातो. अलीकडच्या वर्षांत त्याचे सुशोभीकरण झाले : कट्टे, दिवे, कारंजी. तेलीबांधा तलावाला तर लोक 'मरीन ड्राइव्ह' म्हणू लागले. लोक सायंकाळी तेथे येतात, हे चांगलेच आहे. पण सुशोभीकरण आणि संवर्धन या दोन भिन्न गोष्टी आहेत. तलाव जगतो तो त्यात येणाऱ्या पाण्याच्या वाटा मोकळ्या असतील तर, सांडपाणी थांबेल तर, आणि काठाला थोडी दलदल, थोडे गवत व लव्हाळे राहू दिले तर. बेडूक, मासे, पाणकोंबड्या तेथेच वाढतात. चोहोकडून दगड-सिमेंटची भिंत घातलेला तलाव दिसतो सुंदर, पण तो हौद होतो.

अरण्य दूर असते, म्हणून त्याविषयी आपण केवळ मत देतो. तलाव दारात असतो, म्हणून त्याविषयी काम करता येते. हाच फरक लक्षात ठेवावा.

जगाच्या पाठीवर वारसास्थळे निश्चित करण्याचा करार १९७२ मध्ये झाला. पश्चिम घाटाला २०१२ मध्ये ते स्थान मिळाले, आणि त्यात कास, कोयना, चांदोली, राधानगरी ही आपली स्थळे आहेत. बस्तरचे कांगेर खोरे २०२५ मध्ये भारताच्या संभाव्य यादीत आले. ही आनंदाची गोष्ट आहे. पण यादीत नाव येणे म्हणजे राखण झाली असे नव्हे. जगाने गौरवलेले पठार आणि कोणी न गौरवलेला गावतलाव या दोहोंचा मालक एकच आहे, आणि हिशेब त्यालाच द्यावयाचा आहे.

७. मग कोणता मार्ग योग्य?

वाचकहो, यांपैकी एकच मार्ग पुरेसा आहे असे कोणी सांगितले तर सावध असा. सीमेवाचून वाघ टिकत नाही. गावाच्या संमतीवाचून सीमा टिकत नाही. अखेरच्या घटकेला विज्ञानाची मदत लागते, पण विज्ञान रानाची जागा घेऊ शकत नाही. आणि दारातला तलाव ज्याला राखता येत नाही, त्याने दूरच्या अरण्याविषयी बोललेले कोणी मनावर घेत नाही. प्रत्येक प्रसंगी तीन प्रश्न विचारावेत : जे वाचवावयाचे ते त्याच्या स्वभावासह वाचत आहे काय? त्याची किंमत कोण देत आहे, आणि त्याला विचारले आहे काय? आणि आपण जननीला सोडले आहे काय, म्हणजे उद्या पुन्हा उगवेल एवढे मागे ठेवले आहे काय?

होशेय (४:३) सांगतो की मनुष्याच्या अधर्मामुळे वनपशू, पक्षी आणि समुद्रातले मासेही नाहीसे होतात. पौल रोमकरांस (८:१९-२२) लिहितो की सारी सृष्टी कण्हत वाट पाहत आहे. ती कोणाची वाट पाहते? देवाच्या पुत्रांच्या प्रकट होण्याची. आपण त्यांच्यापैकी आहोत असे म्हणतो. तर मग आपल्या वाड्यातील विहीर, चर्चच्या आवारातील वड-चिंच, दफनभूमीतील गवत आणि मोहल्ल्याचा तलाव यांना आपण कोण आहोत हे आधी कळू द्या.

मननासाठी व चर्चेसाठी

१. आपल्या गावात गेल्या पन्नास वर्षांत कोणते तलाव, ओढे, रान नाहीसे झाले? वडीलधाऱ्यांना विचारून त्यांची यादी करा.

२. चर्चच्या आवारातील जुन्या झाडांची व विहिरीची नोंद मंडळीच्या दप्तरात आहे काय? बांधकाम ठरवताना ती पाहिली जाते काय?

३. नाबोथाची गोष्ट पुन्हा वाचा. चांगल्या हेतूने केलेली कोणती योजना आपल्या जिल्ह्यात एखाद्याचे 'नाही' न ऐकता झाली आहे?

४. ईयोब ३९ वा अध्याय कुटुंबात मोठ्याने वाचा. मनुष्याच्या उपयोगी नसलेल्या एका प्राण्यासाठी या आठवड्यात देवाचे आभार माना.